प्रतिनिधीचं पोट कोण भरतं?

एप्रिल 1888 मध्ये स्कॉटलंडमधल्या मिड-लॅनार्क मतदारसंघात पोटनिवडणूक लागली. मतदारांमध्ये खाणकामगारांचा भरणा मोठा होता. कीर हार्डी नावाच्या एकतीस वर्षांच्या कामगार पुढाऱ्याने लिबरल पक्षाकडे तिकीट मागितलं, आणि स्थानिक कमिटीने ते वेल्सच्या एका बॅरिस्टरला दिलं. हार्डी अपक्ष उभे राहायला निघाले तेव्हा पक्षाच्या वरच्या मंडळींकडून निरोप आला: आत्ता माघार घ्या, पुढच्या सार्वत्रिक निवडणुकीत हमखास निवडून येणारी जागा देतो, शिवाय वर्षाला 300 पौंडांची सोयही करतो. आयर्शरच्या खाणकामगार संघटनेचे सचिव म्हणून हार्डींना तेव्हा वर्षाला 75 पौंड मिळत होते. समोर चौपट रक्कम आणि खासदारकी. हार्डी नाही म्हणाले, लढले, आणि 617 मतं घेऊन तिघांत तिसरे आले.

कामगार चळवळीच्या इतिहासात हा नकार त्यागाची गोष्ट म्हणून सांगितला जातो. त्याग तर होताच. पण मला त्यात एक राजकीय समज दिसते आणि ती आज आपल्या उपयोगाची आहे. गरीब घरात जन्मलेला माणूस सभागृहात पोहोचला म्हणजे गरिबांचा प्रतिनिधी पोहोचला, असं आपण फार पटकन धरून चालतो. निवडणूक आली की उमेदवाराच्या आईने किती धुणीभांडी केली, वडील कुठल्या कंपनीत हमाल होते, हे भाषणांत ऐकवलं जातं आणि आपले डोळे भरून येतात. त्या कष्टांबद्दल आदर हवाच. पण खरा प्रश्न नंतरचा आहे. निवडणुकीचा खर्च कोणी केला, निवडून आल्यावर त्याचं घर कोणाच्या पैशावर चालतं, आणि तो हिशेब कोणाला देतो? हार्डींनी हा प्रश्न स्वतःला 1888 मध्ये विचारला आणि उरलेलं आयुष्य त्याचं उत्तर उभं करण्यात घालवलं.

कष्टांच्या बाबतीत हार्डींच्या वाट्याला आलं ते थोड्यांच्या वाट्याला येतं. 15 ऑगस्ट 1856 चा जन्म. आई शेतावर घरकाम करणारी मोलकरीण आणि अविवाहित. पुढे तिने डेव्हिड हार्डी या जहाजावरच्या सुताराशी लग्न केलं. पोरगा सातव्या-आठव्या वर्षापासून ग्लासगोत निरोप पोहोचवण्यासारखी कामं करू लागला. शाळा अशी नव्हतीच, वाचायला आईने शिकवलं. 1866 च्या सुमारास ग्लासगोच्या गोद्यांमध्ये टाळेबंदी झाली, सावत्र वडील घरी बसले, धाकटा भाऊ आजारी, आई गरोदर. घरात पैसा येत होता तो एका बेकरीत पाव पोहोचवणाऱ्या या पोराचाच. रात्री भावाच्या उशाशी जागून काढलेल्या, त्यामुळे सकाळी उशीर झाला. मालकाने त्याला वरच्या मजल्यावर बोलावलं. मालकाचं कुटुंब नाश्त्याला बसलं होतं, टेबलावर गरम कॉफी होती. भिजलेल्या, उपाशी पोराला तिथेच उभं करून मालकाने कामावरून काढलं आणि आठवड्याचा पगारही दंड म्हणून कापून घेतला. हा मालक गावात देवभक्त म्हणून ओळखला जाई. हार्डी पुढे आयुष्यभर ख्रिस्ताच्या शिकवणीचा आधार घेऊन समाजवाद सांगत राहिले. चर्चमधल्या श्रीमंतांवर मात्र त्यांनी कधी दया दाखवली नाही.

दहाव्या वर्षी तो कोळशाच्या खाणीत उतरला. काम हवेच्या दाराशी बसण्याचं. खाणीत हवा खेळती राहावी म्हणून आतल्या बोगद्यांना लाकडी दारं असत. कोळशाची गाडी आली की दार ओढून उघडायचं, ती गेली की पुन्हा लावायचं. बाकी सगळा वेळ काळोखात एकट्याने बसायचं. हिवाळ्यात पोरं उजाडायच्या आधी खाली जात आणि अंधार पडल्यावर वर येत, म्हणजे सूर्य दिसायचा तो रविवारीच. पुढे थोडा मोठा झाल्यावर त्याने दिव्याच्या धुराने दगडी पाटी काळी करून टाचणीने त्यावर लघुलिपी गिरवली. ही लघुलिपी त्याला पत्रकार बनवणार होती.

तेविसाव्या वर्षाच्या आसपास हार्डी सहकाऱ्यांच्या तक्रारी मांडू लागले आणि मालकांच्या डोळ्यांत खुपले. एके दिवशी खाणीच्या पाळण्यातून, म्हणजे लिफ्टमधून, खाली उतरत असताना पाळणा मध्येच थांबला आणि वर ओढला गेला. व्यवस्थापकाने सांगितलं, या खाणीत एकही हार्डी नको. त्यांच्याबरोबर दोन धाकट्या भावांचंही काम गेलं. आसपासच्या खाणींनीही दारं बंद केली. मग हार्डी पूर्णवेळ संघटनेच्या कामाला लागले. 1880 च्या लॅनार्कशरच्या संपात त्यांनी दुकानदारांकडून उधारीवर धान्य-भाजी आणून आपल्याच घरी संपकऱ्यांसाठी सूपची भट्टी पेटवली. घर त्यांच्या पत्नी लिली हार्डींचं, त्यामुळे भांड्यापुढे उभं राहायचं कामही त्यांच्याकडे आलं. पुढे नवरा लंडनला असताना आयर्शरमधल्या कमनक गावात मुलं वाढवण्याचं आणि तुटपुंज्या पैशात महिना काढण्याचं कामही त्यांच्याच गळ्यात पडलं. कामगार पुढाऱ्यांच्या चरित्रांत या बायकांना दोन ओळी मिळतात. चळवळ टिकली त्यात त्यांच्या फुकट श्रमाचा वाटा किती, याचा हिशेब अजून कोणी नीट मांडलेला नाही.

आता एक गोष्ट स्पष्ट करायला हवी. ब्रिटिश संसदेत पोहोचलेले हार्डी हे पहिले खाणकामगार नव्हेत. 1874 मध्येच थॉमस बर्ट आणि अलेक्झांडर मॅक्डोनल्ड हे दोन खाणकामगार निवडून आले होते. बर्ट यांचा तर खर्चही नॉर्थम्बरलँडचे खाणकामगार वर्गणी काढून भागवत. तरीही हे दोघे सभागृहात लिबरल पक्षाच्या बाकांवर बसत, कारण जागा त्या पक्षाच्या मर्जीने मिळालेली. प्रामाणिक माणसं होती, खाणींच्या सुरक्षेचे कायदे त्यांनी पुढे रेटले. पण त्याच पक्षाला खाणमालकही पैसे देत होते. कामाचा दिवस आठ तासांचा करण्यासारखा प्रश्न निघाला की अडचण सुरू व्हायची, आणि बर्ट तर कायद्याने तास बांधण्याच्या विरोधातच होते. जन्म खाणीतला, पगार कामगारांचा, पण पक्ष दुसऱ्यांचा. हार्डींच्या लक्षात आलेली गोष्ट हीच.

1892 मध्ये हार्डी लंडनच्या वेस्ट हॅम साउथमधून निवडून आले. त्याच सुमारास एडिंबराच्या दोन श्रीमंत बहिणींनी त्यांना आयुष्यभर वर्षाला 300 पौंड देऊ केले. या बहिणींचा हेतू स्वच्छ होता, चळवळीबद्दल आस्था होती. हार्डींनी तेही स्वतःसाठी घेतलं नाही. द्यायचेच तर चळवळीला द्या, म्हणाले. त्या काळात खासदाराला पगार नव्हता. लेख लिहून आणि व्याख्यानं देऊन पोट भरावं लागे, म्हणजे दिवसभर संसद आणि रात्री रेल्वेचा प्रवास. तरी ते घेतलं नाही, कारण देणारा भला असला तरी घेणारा त्याच्याशी बांधला जातो, हे त्यांना ठाऊक होतं.

पहिल्याच अधिवेशनात, फेब्रुवारी 1893 मध्ये, सरकारचं धोरण सांगणाऱ्या राणीच्या भाषणात बेकारांचा उल्लेख नाही म्हणून त्यांनी दुरुस्ती मांडली. बाजूने 109 मतं पडली. लोक त्यांना बेकारांचा खासदार म्हणू लागले. पण त्यांचं सभागृहातलं खरं रूप बघायचं तर 28 जून 1894 च्या दिवसाकडे जावं लागतं.

23 जूनला, शनिवारी दुपारी, दक्षिण वेल्समधल्या सिल्फिनिड गावच्या अल्बियन खाणीत स्फोट झाला. 290 माणसं आणि मुलं मेली. त्याच दिवशी राजघराण्यात एक मुलगा जन्मला. दुसऱ्या दिवशी फ्रान्सचे अध्यक्ष कार्नो यांचा खून झाला. संसदेने कार्नो यांच्यासाठी शोकप्रस्ताव केला. राजपुत्राच्या जन्माबद्दल अभिनंदनाचा ठराव आणला. हार्डींनी विचारलं, मेलेल्या खाणकामगारांच्या कुटुंबांसाठी दोन शब्द येणार का? सरकारने ठराव आणायला नकार दिला. मग हार्डी अभिनंदनाच्या ठरावाला विरोध करायला उभे राहिले. सभागृहातून आरडाओरडा चालू होता, पाठीशी एकही माणूस नव्हता. या मुलाभोवती लहानपणापासून खुशमस्कऱ्यांचा गराडा असेल, त्याला जगाच्या सफरीवर पाठवतील, मग राजघराण्याला न शोभणाऱ्या लग्नाच्या वावड्या उठतील आणि शेवटी बिल देशाला भरावं लागेल, असं ते म्हणाले. तो मुलगा पुढे आठवा एडवर्ड झाला आणि डिसेंबर 1936 मध्ये एका घटस्फोटित अमेरिकन बाईशी लग्न करण्यासाठी त्याने गादी सोडली. भाकीत खरं ठरलं म्हणून हे भाषण सगळीकडे सांगितलं जातं. मला त्यातली दुसरी गोष्ट मोठी वाटते. त्या दिवशी सभागृहात कामगारांच्या मतांवर आलेले इतर खासदारही होतेच. 290 प्रेतांसाठी उभं राहण्याची मोकळीक त्यांच्यापैकी एकालाच होती, कारण त्याला दम देणारा कुठलाही पक्ष नव्हता.

आणि त्या मोकळिकीची किंमत लगेच वसूल झाली. 1895 च्या निवडणुकीत हार्डी वेस्ट हॅम हरले. जानेवारी 1893 मध्ये ब्रॅडफर्डला त्यांच्या पुढाकाराने स्थापन झालेल्या इंडिपेंडंट लेबर पार्टीचे 28 उमेदवार त्या वेळी उभे होते. सगळे पडले. एकट्या माणसाची निष्ठा कितीही धारदार असो, तिच्या मागे कायमचा पैसा आणि कायमचं संघटन नसेल तर ती एका निवडणुकीपुरती टिकते. हा धडा घेऊन हार्डी कामगार संघटनांकडे वळले. त्या संघटनांचे पुढारी सावध, बरेचसे लिबरलांचे मित्र, समाजवाद म्हटलं की कपाळाला आठ्या घालणारे. हार्डींनी त्यांच्यासाठी समाजवादाची अट बाजूला ठेवली. आग्रह एकच धरला: संसदेत कामगारांचा स्वतंत्र गट हवा. 27 फेब्रुवारी 1900 रोजी लंडनच्या फॅरिंग्डन स्ट्रीटवरच्या मेमोरियल हॉलमध्ये लेबर रिप्रेझेंटेशन कमिटी, म्हणजे पुढची लेबर पार्टी, स्थापन झाली. त्याच वर्षी वेल्सच्या मर्थरमधून हार्डी पुन्हा संसदेत आले. मर्थर त्याच कोळशाच्या पट्ट्यात येतं जिथे अल्बियनचा स्फोट झाला होता.

1901 मध्ये टॅफ व्हेल रेल्वेच्या निकालाने संघटनांची झोप उडाली. संपामुळे कंपनीचं नुकसान झालं तर ते संघटनेच्या तिजोरीतून भरून द्यावं लागेल, असं लॉर्ड्सनी, म्हणजे तेव्हा सर्वोच्च न्यायालयाचंही काम करणाऱ्या संसदेच्या वरच्या सभागृहाने, ठरवलं आणि रेल्वे कामगारांच्या संघटनेवर 23,000 पौंडांची भरपाई बसली. दोन वर्षांत कमिटीशी जोडलेल्या कामगारांची संख्या दुपटीवर गेली. मग 1903 च्या न्यूकॅसल अधिवेशनात जे ठरलं, ते मला हार्डींच्या सगळ्या भाषणांपेक्षा महत्त्वाचं वाटतं. दर सभासदामागे वर्षाला एक पेनी काढायची. त्यातून खासदाराला वर्षाला 200 पौंड द्यायचे. आणि पैसे घेणाऱ्याने लिहून द्यायचं की गटाचा निर्णय पाळीन, नाही तर राजीनामा देईन. 1906 मध्ये या पेनीवर 29 खासदार निवडून आले. टॅफ व्हेलचा निकाल फिरवणारा कायदा त्याच वर्षी झाला.

याला दोन आक्षेप घेतले गेले आणि दोन्ही गंभीर आहेत. पहिला ऑसबर्न नावाच्या एका रेल्वे हमालाने घेतला. तो लिबरल होता. मी संघटनेत आलो ते पगारासाठी आणि संकटातल्या मदतीसाठी, मला न पटणाऱ्या पक्षाच्या खासदाराचं पोट मी का भरायचं, हा त्याचा सवाल. 1909 मध्ये लॉर्ड्सनी त्याच्या बाजूने निकाल दिला आणि पेनी बंद पडली. लेबरच्या अनेक खासदारांची चूल विझायची वेळ आली. 1911 मध्ये सरकारने सगळ्या खासदारांना वर्षाला 400 पौंड पगार सुरू केला, आणि 1913 च्या कायद्याने संघटनांना राजकीय कामासाठी वेगळा निधी ठेवायला परवानगी दिली. ज्याला त्यात पैसे घालायचे नसतील त्याने तसं कळवावं, त्याच्यावर जबरदस्ती नाही. ऑसबर्नचं म्हणणं यात पुरेसं ऐकलं गेलं, असं मला वाटतं.

दुसरा आक्षेप असा की पैसे देणाऱ्याने सांगितलेलं बोलणारा खासदार स्वतःच्या विवेकाने कसा वागणार? याचं उत्तर हार्डींच्या वागण्यात आहे. पेनीवर जगणारा हा माणूस बायकांच्या मताधिकारासाठी स्वतःच्याच पक्षाशी भांडला. 1907 मध्ये हिंदुस्थानात आला, बंगालमध्ये फाळणीविरुद्धच्या चळवळीवरची दडपशाही पाहून कॅनडासारखं स्वराज्य यांनाही द्या म्हणाला आणि लंडनच्या वर्तमानपत्रांनी त्याच्यावर आग पाखडली. त्याच दौऱ्यात तो पुण्यात येऊन टिळकांना भेटला. पुढे दक्षिण आफ्रिकेत कामगार संघटनांनी काळ्या कामगारांनाही घ्यावं असं सुचवल्यावर गोऱ्या जमावाने त्याच्या सभा उधळल्या. मर्थरच्या खाणकामगारांनी यातलं काही त्याला करायला सांगितलं नव्हतं, आणि करू नको असंही सांगितलं नाही.

हार्डींना देव करण्याचं मात्र कारण नाही. 1887 च्या सुमारास स्कॉटलंडच्या खाणींत आणि लोखंडाच्या कारखान्यांत आलेल्या लिथुआनियन कामगारांबद्दल त्यांनी जे लिहिलं ते वाचवत नाही. परक्या मजुराला दोष देण्याची ती जुनीच भाषा आहे. जगप्रवासात ते बदलले, हे त्यांच्या बाजूने. ऑगस्ट 1914 मध्ये युद्ध सुरू झालं तेव्हा अॅबरडेअरला त्यांच्याच मतदारांनी त्यांची सभा उधळून लावली. 26 सप्टेंबर 1915 रोजी ते वारले. दोन महिन्यांनी झालेल्या पोटनिवडणुकीत लेबरचा अधिकृत उमेदवार होता दक्षिण वेल्सच्या खाणकामगार महासंघाचा अध्यक्ष. त्याला हरवून मर्थरने युद्धाच्या बाजूने गर्जना करणाऱ्या स्टॅंटनला निवडलं. हा स्टॅंटनही खाणकामगारांचाच पुढारी, तोही कोळशात राबलेला. जन्माच्या दाखल्यावर विसंबून राहणाऱ्यांनी हा निकाल जरूर लक्षात ठेवावा.

आता आपल्याकडे येऊ. नारायण मेघाजी लोखंडे गिरणीत स्टोअरकीपर होते. 1884 मध्ये त्यांनी मुंबईच्या गिरणी कामगारांची सभा भरवली, निवेदनावर 5,500 सह्या गोळा केल्या आणि 10 जून 1890 ला रविवारची सुट्टी मिळवली. कायदेमंडळाचं दार त्यांच्यासाठी उघडं नव्हतंच. 1921 पासून ना. म. जोशी मध्यवर्ती कायदेमंडळात कामगारांची बाजू मांडत राहिले. त्यांच्या निष्ठेवर बोट ठेवायला जागा नाही, पण त्यांची नेमणूक सरकार करत होतं. अर्जुन आळवे खरोखर गिरणीत काम करणारे, 1928 च्या गिरणी कामगार युनियनचे अध्यक्ष, आणि 1929 मध्ये कम्युनिस्टांवरच्या मीरत खटल्यात आरोपी. 1936 मध्ये डॉ. आंबेडकरांनी काढलेल्या स्वतंत्र मजूर पक्षाचं इंग्रजी नाव हार्डींच्या पक्षाचंच होतं. 1937 मध्ये त्या पक्षाचे आमदार मुंबईच्या विधिमंडळात गेले आणि संपावर बंधनं घालणाऱ्या औद्योगिक कलहाच्या विधेयकाविरुद्ध सभागृहात लढले, आणि 7 नोव्हेंबर 1938 ला पक्ष संप घेऊन रस्त्यावरही उतरला. माझ्या मते कामगारांचं स्वतःचं राजकारण म्हणावं असं महाराष्ट्रात जे झालं त्यात हे सर्वात पुढचं पाऊल होतं. पक्ष मात्र सहाच वर्षं टिकला.

स्वातंत्र्यानंतर मुंबईच्या गिरण्यांमध्ये सगळ्या कामगारांच्या वतीने बोलणारी एकच मान्यताप्राप्त संघटना कोणती हे 1946 च्या कायद्याने ठरू लागलं, आणि कामगाराला ती आपली वाटेनाशी झाली. 18 जानेवारी 1982 चा संप बोनस आणि पगारासाठी होता, तसा या लादलेल्या प्रतिनिधित्वाविरुद्धही होता. अडीच लाखांच्या आसपास कामगार त्यात उतरले. 1984 च्या काँग्रेसच्या लाटेतही संपाचे पुढारी डॉ. दत्ता सामंतांना त्यांनी दक्षिण-मध्य मुंबईतून लोकसभेत पाठवलं. मत द्यायला कामगार कधीच मागे हटला नाही. कमी पडली ती वर्षानुवर्षं चालणारी पेनी, आणि ती देणाऱ्याला हिशेब मागायचा हक्क.

आज विधानसभेच्या उमेदवाराला 40 लाख आणि लोकसभेच्या उमेदवाराला 95 लाख रुपयांपर्यंत खर्च करायची मुभा आहे, पक्षाच्या खर्चाला मर्यादाच नाही. आमदाराला चांगला पगार आणि पेन्शन आहे, पण ते निवडून आल्यावर. त्याआधीचे पैसे बिल्डर देतो, साखर कारखाना देतो, कंत्राटदार देतो. कंत्राटी सफाई कामगाराच्या पोटी जन्मलेला आमदारही कंत्राटदाराच्या पैशावर निवडून आला, तर कंत्राटी पद्धतीविरुद्ध तो किती बोलेल?

संघटनांनी राजकारणापासून दूर राहावं, सभासद वेगवेगळ्या पक्षांचे आणि जातींचे असतात, फूट पडेल, असं मला नेहमी सांगितलं जातं. भीती खोटी नाही. पण 1926 च्या ट्रेड युनियन कायद्याने आपल्यालाही वेगळ्या, ऐच्छिक राजकीय निधीची वाट दिली होती, ती आपण फारशी तुडवलीच नाही. एक लाख अंगणवाडी सेविका, आशा, सफाई कामगार आणि डिलिव्हरीची पोरं मिळून वर्षाला शंभर-शंभर रुपये काढतील तर एक कोटी जमतात. तेवढ्यात विधानसभेच्या दोन उमेदवारांचा कायदेशीर कमाल खर्च भागतो आणि वर वीस लाख उरतात. उमेदवार त्यांच्यातलाच असावा. नसेल तर निदान त्यांनी मतदानाने निवडलेला असावा. त्याच्याकडून आधीच लिहून घ्यावं की दर वर्षी याच सभासदांसमोर उभं राहून कोणते प्रश्न विचारले, कोणत्या विधेयकावर कसं मत दिलं आणि कोणाकडून किती पैसे घेतले, हे तो सांगेल. पुढच्या विधानसभेला अजून वेळ आहे. वर्गणीची पावती पुस्तकं छापायची तर ती आत्ता छापायला हवीत.